दत्तू गवळ्याचा खोकला

आरोग्य खात्याच्या माइकवर मी नऊ वर्षं बोललो. ज्या गावाच्या चावडीपुढं माझा आवाज घुमला नाही, असं गाव कोल्हापूर जिल्ह्यात शोधावं लागेल. पण त्या नऊ वर्षांत बोललेलं जवळजवळ सगळं दुसऱ्यानं लिहिलेलं, टंकलेलं आणि वर साहेबांची सही झालेलं असे. कुणी न लिहून दिलेलं, माझं स्वतःचं असं एकच वाक्य मी त्या माइकवर बोललो. ते खोटं होतं. त्या वाक्यानं शिवाजी पेठेतल्या एका धडधाकट माणसाचा दुधाचा धंदा बसला, त्याच्या मुलीचं ठरलेलं लग्न मोडलं, आणि मला शाबासकी मिळाली.

दिवाळीच्या अंकात लोक हसायला बसतात हे मला ठाऊक आहे. हसायला हरकत नाही. घडलं ते बरंचसं हसण्यासारखंच होतं. मी ते आजवर घरातसुद्धा सांगितलेलं नाही, एवढंच.

आधी आमचं काम काय होतं ते सांगतो. मी मूळचा शाळामास्तर. संस्थान विलीन झालं, त्यानंतर थोड्याच दिवसांत आरोग्यप्रचाराची एक गाडी कोल्हापुरात आली. गाडीत सिनेमाचं छोटं यंत्र, वीज तयार करणारं इंजिन, दोन कर्णे आणि एक पडदा. येणाऱ्या फिल्मा इंग्रजीत बोलत. तेव्हा फिल्मचा आवाज बंद करायचा आणि मराठी माणसानं बाजूला उभं राहून माइकवर बोलायचं, अशी पद्धत होती. त्यासाठी मोठ्या आवाजाचा माणूस हवा होता. चौथीच्या वर्गावर ओरडून ओरडून माझा आवाज तयार झालेला. मी गेलो आणि त्यांनी घेतलं.

गाडी चालवणारे, यंत्र फिरवणारे, इंजिन दुरुस्त करणारे आणि तुटलेली फिल्म जोडणारे असे चार नोकर आमच्याकडं होते. चौघांचं मिळून नाव उस्मानभाई. इंजिनाचा आवाज एवढा मोठा की ते गावाबाहेर ठेवून वायर ओढत आणावी लागे. पडदा दोन बांबूंना बांधायचा. पडद्याच्या पुढं पुरुष बसत, मागं बायका. म्हणजे बायका सगळा सिनेमा उलटा बघत. पन्हाळ्याकडच्या एका म्हातारीनं आमच्या डॉक्टरांपुढं उजवा हात केलाच नाही. पडद्यावर सुई डाव्या हाताला देतात हे तिनं स्वतःच्या डोळ्यांनी बघितलेलं होतं.

हे डॉक्टर म्हणजे आमच्या गाडीचे साहेब. उंच, इस्त्रीचे, आणि प्रचारावर देवासारखी श्रद्धा. एका गावच्या पाटलांनी त्यांना अट घातली, की गावात जत्रेचे दिवस आहेत, आजारी माणूस आधी दाखवायचा नाही. आधी बरा झालेला दाखवा, मग पाहिजे तर आजारी दाखवा. डॉक्टर तिढ्यात पडले, पण शो चुकवायचा नव्हता. उस्मानभाईनं रिळं उलट्या क्रमानं लावली. पडद्यावर गडी हसत शेतात नांगर धरतो, मग डॉक्टर येऊन त्याला सुई टोचतात, आणि पुढच्या रिळात तो खाटेवर पडून खोकत असतो. त्या गावात पुढं दोन वर्षं सुईला कुणी हात धरला नाही. आम्ही हसलो होतो. मीही हसलो होतो. लोक पडदा किती खरा मानतात हे मला त्याच दिवशी कळायला हवं होतं.

मग डॉक्टरांच्या मनात आलं, की आपल्या माणसांना आपली माणसंच दाखवायची. क्षयावर एक कोल्हापुरी फिल्म करायची. त्या वेळी कोल्हापुरात कॅमेरा धरणारा माणूस शोधायला लागत नसे. स्टुडिओतलं काम सुटून बसलेले दोघंतिघं चहाच्या कुठल्याही टेबलावर भेटत. त्यातला एक आम्ही धरला. आवाजाचं काम परवडणारं नव्हतं, तेव्हा फिल्म मुकी आणि बोलणारा मी, हेही ठरलं. राहिला प्रश्न रोग्याचा. तो मी सोडवला.

माझ्या बिऱ्हाडापासून चार घरांवर दत्तू गवळ्याचा कट्टा होता. कोल्हापूरबाहेरच्या वाचकांसाठी सांगतो. आमच्याकडं पैलवान दूध विकत आणत नाहीत, दुधाकडं जातात. कट्ट्याशी म्हशी बांधलेल्या, गवळी समोर धार काढतो, आणि फेसाळलेला पेला तसाच गरम गिऱ्हाइकाच्या हातात. मेहनत करून घामेजलेले तालमीतले गडी ओळीनं उभे. चुलीचा आणि त्या दुधाचा संबंध नाही. दत्तूच्या कट्ट्यावर शेजारच्या तालमीचे वस्ताद स्वतः येत, त्यामुळं त्याच्याकडं गर्दी असे.

दत्तू स्वतः मात्र काटकुळा. गाल आत गेलेले, डोळे खोल, बरगड्या मोजून घ्याव्या अशा. तब्येत ठणठणीत. रेडकू खांद्यावर टाकून पंचगंगेपर्यंत जायचा. वस्ताद त्याला रोज एकच टोमणा मारत, "दत्तू, तुझं दूध पिऊन आमी हत्ती झालो. तू काय पितोस रं?"

डॉक्टरांनी त्याला एकदा बघितला आणि त्यांचे डोळे चमकले. रोगी मिळाला. दत्तूला मी म्हणालो, नुसतं नाटक आहे, खाटेवर पडायचं आणि खोकायचं. तो लाजला, मग तयार झाला. त्यानं काहीच मागितलं नाही, एक सोडून. त्याच्या चंद्री म्हशीचा फोटो फिल्ममध्ये यायला हवा. चंद्री कपाळावर पांढरा चांद असलेली, शिंगं लोखंडी पळीसारखी वळलेली, पेठेतली देखणी म्हैस. कॅमेरावाला म्हणाला, रोग्याच्या घरापुढं म्हैस उभी दाखवू, त्यात काय. आम्ही दाखवली.

आणि दत्तू काय खोकला. त्याचे वडील दम्यानं गेले होते. त्यांचं बसणं, छातीला हात लावणं, श्वास ओढताना मान पुढं काढणं, सगळं त्यानं पाहून ठेवलेलं. मुकी फिल्म, पण बघणाऱ्याचा घसा दुखावा. त्याची बायको हौसाक्का दारात उभी राहून बघत होती. ती म्हणाली, "बास करा की आता. सासऱ्यासनी उठवून आनशीला."

पहिला शो आमच्याच पेठेत, तालमीसमोरच्या मोकळ्या जागेत. दिवेलागण झाली. आख्खी पेठ लोटलेली. डॉक्टरांनी मुंबईचे दोन पाहुणे साहेब बोलावलेले, ते पुढं खुर्च्यांवर. मी माइक धरला. कागदावर लिहिलं होतं, 'हा एक क्षयाचा रुग्ण आहे. याला सतत खोकला येतो.' मी बोललो. पडद्यावर आधी चंद्री आली.

पुढच्या ओळीतून कुणीतरी म्हणालं, "आरं, ही तर चंद्री." आणि हशा फुटला. मग खाटेवर दत्तू दिसला. जो तो नाव घेऊन हाका मारायला लागला. दत्तू पडद्यावर खोकला की मैदान त्याच्याबरोबर खोकायचं. तो थुंकला तर टाळ्या पडल्या. खरा दत्तू लोकांत बसला होता. त्याला दोघांनी खांद्यावर घेतला, आणि तो तिथून पडद्यातल्या स्वतःला हात करत होता. बायकांच्या बाजूनं हौसाक्काचं हसणं मला वेगळं ऐकू येत होतं.

मी तेच वाक्य पुन्हा वाचलं. कुणी ऐकेना. पाहुणे साहेब एकमेकांकडं बघत होते. डॉक्टर माझ्याजवळ येऊन एवढंच म्हणाले, "मास्तर, काहीतरी करा." त्यांचा आवाज रडवेला होता. ही फिल्म म्हणजे त्यांचं सगळं होतं. आणि ती पडली तर मला शाळेत परत जाऊन चौथीचा वर्ग होता.

मी कागद खाली केला आणि माइकमध्ये म्हणालो, "हसू नका. हे नाटक नाही. या माणसाला खरोखरच क्षय झालेला आहे."

नऊ वर्षांत मला इतकी शांतता पुन्हा मिळाली नाही. इंजिन लांब नदीकडं धडधडत होतं तेवढंच. ज्यांच्या खांद्यावर दत्तू होता त्या दोघांनी त्याला हळूच खाली ठेवला आणि आपले खांदे झटकले. त्यानंतरचा कागद मी वाचला, तेव्हा एका एका शब्दाला लोक माना हलवत होते. रोग्याचं भांडं वेगळं ठेवा. थुंकी चुन्याच्या डब्यात टाका. आणि शेवटी, फिल्ममध्ये होतंच म्हणून, दूध नेहमी उकळूनच प्या.

शो संपल्यावर पाहुण्यांनी डॉक्टरांचा हात हातात घेतला. डॉक्टरांनी माझ्या पाठीवर थाप दिली. "असं गप्प मैदान मी आयुष्यात पाहिलं नव्हतं." दत्तू निरोगी आहे हे त्यांना माझ्याइतकंच ठाऊक होतं. मी म्हणालो, साहेब, ते जरा जास्त झालं. ते म्हणाले, प्रचारात एवढं चालतं, उद्या लोक विसरतील.

लोक विसरले नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी दत्तूच्या कट्ट्यावर चंद्री उभी, दत्तू उभा, समोर धुतलेले पेले उपडे. तालमीतले गडी पलीकडच्या कट्ट्यावर रांगेत. कुणी भांडलं नाही, कुणी काही बोललं नाही. कोल्हापूरचं माणूस ओरडतं तोवर बरं असतं. गप्प झालं की संपलं.

दत्तू माझ्याकडं आला. मी काही बोलायच्या आत म्हणाला, "मास्तर, ह्ये फोटोचं लई वाईट. माणसाला खरंच वाटतंय." दोष तो फिल्मला देत होता. मी तो तिथंच ठेवला. मी त्याला मोठ्या दवाखान्यात नेऊन छातीचा एक्सरे काढून आणला. स्वच्छ. तिथल्या डॉक्टरांनी खाली लिहून दिलं, फुप्फुसं निर्दोष आहेत. दत्तूनं तो एक्सरे चौकट करून कट्ट्यावर टांगला.

त्याचा परिणाम असा झाला, की लोक बघायला आले आणि दूध न घेता गेले. आपल्या बरगड्या चौकटीत लावून बसलेला गवळी त्यांनी कधी पाहिला नव्हता. एकानं विचारलं, ह्यात काळं काळं दिसतंय ते काय? ती रिकामी हवा आहे, असं मी सांगितलं. तो म्हणाला, "म्हंजे आतनं पोकळ झालाय की." दत्तूनं चौकट उलटी टांगून बघितली. तेव्हा एकजण म्हणाला, ह्यो एक्सरे म्हशीचा वाटतोय.

मग मी आणखी एक शहाणपणा केला. पुन्हा शो लावू, असं डॉक्टरांना म्हणालो, आणि फिल्म संपल्यावर दत्तूला माइकपुढं उभा करू. तो स्वतःच्या तोंडानं सांगेल, की मला काही झालेलं नाही. दत्तूनं आठवडाभर तेवढंच वाक्य पाठ केलं. शोच्या दिवशी धुतलेला सदरा, फेटा, कपाळाला गुलाल. लोक आले. दत्तू माइकपुढं आला.

आता, माइकपुढं पहिल्यांदा उभा राहिलेला माणूस सगळ्यात आधी काय करतो? मी नऊ वर्षांत शेकडो माणसं माइकपुढं उभी केली. सरपंच, मामलेदार, कीर्तनकार. एकूण एक माणूस आधी घसा खाकरतो. हे दत्तूला आधी सांगायला हवं होतं. तेच काम तर माझं होतं.

दत्तूनं घसा खाकरला. दोन कर्ण्यांतून तो खाकरा तालमीच्या भिंतीवर आपटून परत आला. पुढच्या चार ओळी उठल्या. त्यानं घाबरून पुन्हा खाकरला. "मला काय झालेलं न्हाय" हे वाक्य त्यानं म्हटलं तेव्हा समोर आम्ही तिघं आणि उस्मानभाईची गाडी होती.

दत्तूनं चंद्री विकायला काढली. पेठ वडगावच्या बाजारात नेली. गिऱ्हाइकानं दात बघितले, कास बघितली, कपाळावरचा चांद बघितला आणि हात मागं घेतला. आमची गाडी आठवड्यापूर्वी तिथं जाऊन आली होती. फिल्म दाखवताना कागदाबाहेरचं मी काही बोललो नव्हतो, पण तोवर ते वाक्य गाडीच्या पुढं धावत होतं. चंद्री सिनेमातली म्हणून ओळखली गेली आणि चालत परत आली.

वडगावलाच दत्तूच्या मंगलची सोयरीक ठरलेली होती. तिकडून निरोप आला, की सध्या थांबू. हौसाक्का माझ्या दारात आली. ती रडली नाही. म्हणाली, "मास्तर, तुमी शिकल्यालं. तुमी जाऊन सांगा. तुमचं ऐकतील." मी एक्सरे घेऊन गेलो.

मुलाचे वडील भुसारी व्यापारी, शांत माणूस. त्यांनी चहा दिला, एक्सरे उन्हाकडं धरून बराच वेळ बघितला आणि म्हणाले, "फोटो झकास आलाय, पावणं. पर मानूस धड आसता तर त्येचा आतनं फोटो काढायची पाळी कशाला आली आसती?"

मी म्हणालो, फिल्ममधलं ते सगळं नाटक आहे.

ते म्हणाले, "मग पेठंत माइकवर कोन म्हनालं, नाटक न्हाय म्हनून? तुमीच की."

तिथं मी खरं सांगितलं असतं तर मंगलचं लग्न झालं असतं. फार तर माझी नोकरी गेली असती. मी चहाची बशी खाली ठेवली आणि म्हणालो, "ते वरून लिहून आलं होतं. मी नुसतं वाचलं."

त्यांनी मान हलवली. वरून लिहून आलंय म्हणजे सरकारला माहीत आहे, आणि सरकारला माहीत आहे म्हणजे खरं आहे. दुसऱ्या दिवशी सोयरीक मोडल्याचा निरोप आला. पहिलं खोटं मी घाबरून बोललो, असं आजवर मनाला समजावत आलो. हे दुसरं मात्र मी चहा पीत, विचार करून बोललो.

कट्टा बंद झाला. तेव्हा मीच डॉक्टरांना सुचवलं, की दत्तूला गाडीवर घ्या. पडदा बांधील, वायर ओढील. डॉक्टरांनी त्याला घेतला आणि एक काम वाढवलं. फिल्म संपली की दत्तूनं पुढं यायचं आणि 'बरा झालेला रुग्ण' म्हणून उभं राहायचं. गावोगाव लोक त्याला पडद्यावरून ओळखणारच होते, तेव्हा त्याचा उपयोग करून घ्यावा. दत्तूनं मान डोलावली, काही विचारलं नाही. मला वाटलं, आता आम्ही तिघं एका खोट्यात भागीदार झालो. त्यानं मला थोडं हलकंही वाटलं, हेही लिहून टाकतो.

दत्तू त्या कामात असा मुरला की माझा आवाज फिका पडला. पहिल्या गावात तो 'मला खोकला हुता' एवढंच म्हणाला. सहा महिन्यांत खोकला, ताप, रक्ताची गुळणी, उतरलेलं अंग, सुया, मोकळी हवा, सगळं क्रमानं यायला लागलं. शेवटी तो हात जोडून म्हणायचा, "दूध उकळून प्या. म्या गवळी हाय, मी सांगतोय."

ही बातमी पेठेत पोचली. वस्तादांनी तोवर त्याच्याशी निदान राम राम ठेवला होता. त्यांनी त्याला भर रस्त्यात थांबवलं. "रोगी हुतास, ते चाललं. मानसाला रोग हुतो. पर दूध उकळा म्हनतोस? आं?" त्या दिवसापासून राम राम बंद.

पण खरी गोष्ट अशी, की शो संपल्यावर डॉक्टरांकडं कुणी येत नसे. पडद्याच्या मागच्या बाजूनं बायका दत्तूकडं येत. दादा, तुम्हाला आधी आधी कसं वाटायचं? संध्याकाळी अंग तापायचं का? तो त्यांना पायरीवर बसवून सगळं विचारायचा आणि मग हाताला धरून डॉक्टरांपुढं आणायचा. त्यातल्या कितीतरी खऱ्या रोगी निघाल्या आणि वेळेवर दवाखान्यात गेल्या. अशाच एका शोला दवाखान्याचा तरुण कंपाउंडर भेटला, त्याच्याशी पुढं मंगलचं लग्न झालं. वारणेकडं असते ती. तो म्हणाला होता, क्षयाला मी रोज हात लावतो, सासऱ्याचं काय घेऊन बसलात.

गेल्या वर्षी गाडी मोडीत निघाली. शेवटच्या दौऱ्यावरून येताना वारणेच्या पात्रात उस्मानभाई गाडी धूत होते. दुपार होती. मी आणि दत्तू दगडावर बसलो होतो. तो म्हणाला, "मास्तर, एक इचारू?"

"विचार की."

"तुमाला आदी कसं कळलं?"

"काय कळलं?"

"मला झालंय त्ये. डागदर मला म्हनालं, नुस्तं नाटक कर. म्या भिऊ नये म्हनून म्हनालं आसतील. तुमी तेवढं माइकवर खरं बोललासा. त्या दिशी मला राग आलता तुमचा. मग वाटलं, शिकल्यालं मानूस उगंच कशाला बोलंल?"

इतकी वर्षं मी ज्याला खोट्यातला भागीदार समजत होतो तो एकटाच खरं समजून बोलत होता. स्वच्छ एक्सरे म्हणजे आपली समजूत घालायचा प्रकार, असं त्यानं धरलं होतं. खात्यानं न बोलता बरं केलं म्हणून तो पडदे बांधत होता.

"थोडं होतं, दत्तू," मी म्हणालो. "आता गेलं."

तो केवढा खुलला. "मग बरं. न्हायतर एवढ्या मानसास्नी फशीवलं आसतं म्या."

हे तिसरं.

इथवर लिहून महिनाभर कागद तसेच ठेवले होते. छापून आलं तर दत्तूचा जावई वाचणार, आणि दत्तूला ते दुसऱ्याच्या तोंडून कळणार. म्हणून परवा संध्याकाळी कागद घेऊन त्याच्या दारात गेलो. कट्टा आहे. चंद्री गेली. तिच्या लेकीची लेक बांधलेली असते, तिचंही कपाळ पांढरं. तिचं दूध घरात तापतं. बाहेर कुणी घेत नाही.

मी म्हणालो, दत्तू, एक लिहिलंय, तुला वाचून दाखवायचंय. तो कट्ट्यावर बसला. हौसाक्का उंबऱ्यात. मी वाचायला लागलो तर तो म्हणाला, "मोठ्यानं वाचा की. माइक न्हाय म्हनून काय झालं?" समोर तालीम सुटत होती. मी मोठ्यानं वाचलं. आवाज अजून आहे. माणसं थांबत गेली. वस्ताद आता म्हातारे झालेत, ते तालमीच्या दारात काठी टेकून उभे राहिले. हसायच्या जागी लोक हसले. 'थोडं होतं' इथं आल्यावर कुणी हसलं नाही.

दत्तू खाली बघत म्हणाला, "म्हंजे म्या समद्यास्नी खोटं सांगितलं?"

"तू नाही. मी. तू ते खरं मानलंस."

"आनि त्या बाया? दवाखान्यात गेल्या त्या?"

"त्या खऱ्या. त्यांचं सगळं खरं."

त्यानं मान हलवली. हौसाक्का उंबऱ्यातून म्हणाली, "आनि म्हस? तिला कशाला बदनाम केलासा? तिचं बी लिवा." तेव्हा लिहितो. चंद्री म्हैस शेवटपर्यंत निरोगी होती.

वस्ताद तिकडून म्हणाले, "ह्ये माइकवर सांगायचं हुतंसा, मास्तर. नऊ वर्सं हातात हुता की."



दत्तू उठला. हात धुतले, म्हशीच्या कासेला पाणी मारलं, पितळेचा पेला घेऊन बसला. धार वाजायला लागली. पेला भरला तसा फेसासकट घेऊन तो माझ्यासमोर आला. ज्या तोंडानं मी नऊ वर्षं सबंध जिल्ह्याला दूध उकळून प्या म्हणून सांगितलं, ते तोंड सगळी पेठ बघत होती.

दत्तूनं पेला पुढं केला. चेहऱ्यावर हसू नव्हतं, रागही नव्हता.

"उकळून देऊ?" तो म्हणाला.

मी पेला घेतला आणि तिथंच उभ्यानं रिकामा केला. वस्ताद काठी टेकत रस्ता ओलांडून कट्ट्यापाशी येत होते.